पॉलसाठी मिशी

माझ्या नवऱ्याला फ्रान्समध्ये लोक ओळखतात, पण कोण म्हणून ओळखतात ते त्यांना सांगता येत नाही. लील स्टेशनवर एका म्हाताऱ्या बाईने एकदा त्याचा हात धरला आणि आपल्या गुडघ्याची सगळी कहाणी त्याला ऐकवली. आपण औषधाच्या दुकानात काम करत नाही, हे हेमने तिला परोपरीने सांगितलं, पण तिला ते पटेना. कुठल्याशा टीव्हीवरच्या सिनेमात त्याला पांढरा कोट घालून गोळ्या देताना तिने स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलं होतं. शेवटी याने तिला गुडघा शेकायला सांगितला, तेव्हा कुठे तिने हात सोडला. घरी येऊन हा प्रसंग तो इतक्या खुशीत सांगत होता, की हसावं की चिडावं मला कळेना.

“अरे, तिला तू आठवत नव्हतास. कोट आठवत होता,” मी म्हटलं.

“कोट नाही, मिशी,” तो म्हणाला आणि मिशीवरून बोट फिरवत आत गेला.

त्याचं पूर्ण नाव हेमचंद्र दिनकर शितोळे. मूळचा कराडचा. पुण्यात इंजिनिअर झाला, नोकरीसाठी नेदरलँड्सला आला आणि आता आम्ही रायस्वाइकमध्ये राहतो. तो, मी आणि आमची पंधरा वर्षांची श्रुती. हेगमधल्या एका विमा कंपनीचं सॉफ्टवेअर तपासायचं त्याचं काम. दुसऱ्यांच्या चुका शोधायचा त्याला पगार मिळतो आणि ही सवय तो न चुकता घरी घेऊन येतो. उरलेल्या वेळात, म्हणजे खरं तर माझ्या वाट्याच्या सगळ्या सुट्ट्या खर्चून, तो फ्रेंच सिनेमात छोटी कामं करतो.

फ्रेंच तो कॉलेजात असताना एका मुलीमागे शिकला. ती मुलगी मी नव्हे. मुलगी गेली, भाषा राहिली. एकांकिकांचं वेडही त्याच दिवसांतलं. आम्ही इथे आलो त्यानंतर लवकरच रॉटरडॅम बंदरात एका फ्रेंच सिनेमाचं शूटिंग चालू होतं. त्यांना फ्रेंच बोलणारा भारतीय बोट-अधिकारी हवा होता आणि ऑफिसातल्या कुणीतरी याचं नाव सुचवलं. ‘कॅप्टन झोपलेत, साहेब,’ एवढं एकच वाक्य होतं. ते म्हणून हा घरी आला तो पहाटेपर्यंत जागा होता. तेव्हापासून आमच्या घरात कुणी धड बसलेलं मला आठवत नाही.

तिथेच त्याला कोलेत भेटली. ही पॅरिसमधली एजंट, नटांना कामं मिळवून देणारी, आवाज सिगारेटने खरखरीत झालेला. तिने याला वर्षानुवर्षं कामं दिली आणि सगळी सारखीच दिली. दार उघडणारा माणूस. हॉटेलातला माणूस. ऑपरेशन थिएटरमधून बाहेर येऊन ‘मला वाईट वाटतं, मादाम’ म्हणणारा डॉक्टर. खुनाचा साक्षीदार, ज्याने काही पाहिलेलं नसतं. सिनेमा संपल्यावर नावांची यादी वर सरकायला लागली की हा रिमोट हातात घेऊन उभा राहायचा. बरोबर जागी थांबवायचा. तिथे त्याचं नाव असायचं, आणि त्याच्यासमोर पात्राचं नाव म्हणून ‘औषधवाला’. श्रुती लहान असताना टाळ्या वाजवायची. नंतर नंतर ती फोनमधून मान वर काढेनाशी झाली.

मी वाखनिंगनला टोमॅटोच्या बियाण्यांवर काम करते. बी पेरलं की थांबायचं असतं, उकरून बघायचं नसतं, हे मला शिकायला फार त्रास झाला नाही. हेमला ते या जन्मात जमणार नाही. कोलेतचा फोन यायचा असला की हा फोन घेऊन बाथरूममध्ये जायचा. फोन नाही आला, तर खाली जाऊन सायकलींमध्ये हवा भरायचा; आमच्या झाल्या की शेजाऱ्यांच्या. आमच्या गल्लीतल्या सगळ्या सायकली टणक चाकांच्या असतात, आणि का ते फक्त मला माहीत आहे. शेजारची डच बाई मला एकदा म्हणाली, “तुझा नवरा किती मदत करणारा आहे!” मी हसून मान हलवली.

आता मिशीबद्दल. माझ्या माहेरी, पुण्याला, पुरुष सकाळी उठून दाढी करतात आणि मिशीचा कुणी वेगळा विचार करत नाही. शितोळ्यांच्या घरी तसं नाही. तिथे मिशी बापाच्या नावाने असते. बाप आहे तोवर तिला वस्तरा लागत नाही, आणि बाप गेला की कृष्णेच्या घाटावर ती उतरते. हेम पाच-सहा वर्षांचा असताना त्याचे आजोबा गेले. घाटावरून आबा परत आले तेव्हा त्यांचा तो गुळगुळीत चेहरा बघून हा किंचाळत परड्यात पळाला होता आणि संध्याकाळपर्यंत आत आला नव्हता. हे त्याने मला लग्नानंतर कधीतरी सांगितलं. तेव्हा मी हसले होते, पण तो हसला नव्हता.

आबा म्हणजे माझे सासरे, दिनकरराव. एसटीच्या वर्कशॉपमध्ये फोरमन होते, आता नव्वदीला टेकलेत. कराडला माझ्या नणंदेकडे, शोभाताईंकडे असतात. दर रविवारी दुपारची झोप झाली की ते साडेतीनच्या ठोक्याला व्हिडिओ कॉल करतात आणि आधी मुलाची मिशी तपासतात. “डावी बाजू पडलीया रं. तेल लाव.” मग माझी चौकशी, मग श्रुतीची, मग हवा. अलीकडे अलीकडे त्यांचं थोडं इकडचं तिकडे व्हायला लागलं होतं. सासूबाईंना जाऊन बरीच वर्षं झाली, तरी मध्येच म्हणायचे, “तुझी आई अजून बाजारातनं आली नाही बघ.” डॉक्टरांनी शोभाताईंना सांगून ठेवलं होतं, की खरं एकदा सांगा, त्यांना पटलं नाही तर वाद घालू नका. त्यांनी तेच आम्हालाही बजावलं होतं.

मागच्या उन्हाळ्यात कोलेतचा फोन आला आणि हा बाथरूममधून बाहेर आला तो रंग उडालेल्या चेहऱ्याने. मला वाटलं, कुणीतरी गेलं.

“पद्मजा, रोल आहे,” तो म्हणाला. “नाव असलेला.”

पात्राचं नाव पॉल. आईवडील पुदुचेरीहून फ्रान्सला आलेले, हा डंकर्कच्या बंदरात क्रेन चालवणारा. त्याला बायको होती, मुलगी होती, राग होता, थकवा होता. सिनेमाच्या शेवटी समुद्रावर तो बायकोसमोर मनातलं सगळं बोलतो आणि ती फक्त ऐकते, असा एक सलग मोठा प्रसंग होता. मुख्य पात्र बायकोचं. पण तिच्या खालोखाल हाच. एलोदी नावाची तरुण दिग्दर्शिका होती. हेमने पॅरिसला जाऊन तिला तो समुद्रावरचा प्रसंग करून दाखवला. तिने शेवटपर्यंत ऐकलं आणि म्हणाली, मिशी काढावी लागेल.

का, ते तिने स्पष्ट सांगितलं. “तुमची मिशी आत येते आणि लोकांना वाटतं, हां, इंडियन आला. मला पॉल हवाय. आणि मला तुमचे ओठ बघायचेत. तुम्ही इतकी वर्षं तिच्यामागे उभे आहात.” कोलेतने तर फोनवर सरळच सांगितलं, की मी आजवर तुला नाही, तुझी मिशी विकत आलेय, आता पहिल्यांदा कुणीतरी तुला मागतंय.

पुढचे पंधरा-वीस दिवस आमच्या घरात जे काही चाललं होतं, त्याला संसार म्हणणं कठीण आहे. हा सकाळी आरशासमोर मिशीवर हात धरून उभा असायचा. हात काढायचा, परत धरायचा. जेवताना पाय हलवायचा, इतका, की टेबलावरच्या आमटीला लाटा यायच्या. एकदा डेल्फ्टपर्यंत कालव्याच्या कडेने चालत गेला आणि चालत परत आला. सायकल घेऊन का गेला नाहीस विचारलं, तर म्हणाला, “सायकलवर विचार लवकर संपतात.”

“आबांना विचार ना,” मी म्हटलं. “एक फोन करायचा आणि विचारायचं. त्यात काय?”

“विचारलं तर ते हो म्हणतील.”

“मग चांगलंच आहे की.”

“तू त्यांना ओळखत नाहीस. ते हो म्हणतील, आणि मग फोन ठेवून भिंतीकडे तोंड करून झोपतील.”

“मग नको करूस रोल.”

यावर त्याने माझ्याकडे असं बघितलं, की मी पुन्हा ते वाक्य उच्चारलं नाही. पन्नाशी जवळ आली होती त्याची. दुसरा पॉल येणार नव्हता, हे त्याला कळत होतं आणि मलाही.

श्रुती आमचं सगळं ऐकत होती. तिला मराठी पूर्ण कळतं, बोलते ती तिच्या मनाला येईल त्या भाषेत. “पपा, इट्स हेअर,” ती म्हणाली. “ते परत येतं. जस्ट टेल हिम. डू नॉर्माल!” डच लोकांचं हे आवडतं वाक्य, नीट वाग, उगाच नाटकं करू नकोस, असा त्याचा अर्थ. हेम सायकलचा पंप घेऊन खाली गेला.

सप्टेंबरमध्ये डंकर्कला मेकअपच्या गाडीत साबिन नावाच्या मेकअपवालीने त्याची मिशी काढली. शुक्रवारी संध्याकाळी तो घरी आला. दार मी उघडलं. क्षणभर मला वाटलं, कुणीतरी चुकून आपली बेल वाजवली. मग तो हसला, तेव्हा ओळख पटली. नाकाखालची कातडी उजळ होती, वरचा ओठ पातळ होता, आणि तो ओठ सारखा काहीतरी सांगत होता जे मला आजवर दिसलंच नव्हतं. लग्नाला वीस वर्षं झालेली, पण त्या रात्री मला त्याच्याशेजारी झोपायची लाज वाटली. हे मी त्याला सांगितलं. तो म्हणाला, “मलापण.”

साबिनने त्याच्या जुन्या फोटोंवरून एक खोटी मिशी बनवून दिली होती. खऱ्या केसांची, जाळीवर विणलेली, छोट्या डबीत ठेवलेली. त्याबरोबर डिंकाची बाटली, जिच्या वासाने आमची बाथरूम भरून जायची. रविवारी आबांच्या कॉलच्या आधी हा पंधरा मिनिटं आरशासमोर उभा राहून ती चिकटवायचा आणि मग खिडकीकडे पाठ करून बसायचा, चेहऱ्यावर कमी उजेड पडावा म्हणून. पहिल्या रविवारी मी दाराआड उभी होते. आबांनी डोळे बारीक करून बघितलं आणि म्हणाले, “आता कशी झ्याक दिसतीया. तेल लावलंस वाटतं.” हेम म्हणाला, “हो आबा.” फोन ठेवल्यावर त्याला इतका घाम आला होता की मिशीचं एक टोक आपोआप सुटलं. श्रुती पाहत होती. ती उठून तिच्या खोलीत गेली आणि दार लावून घेतलं.

मला हे आवडलं नव्हतं. मी तसं बोललेही होते. पण मी एका शनिवारी शूटिंग बघायला गेले आणि त्यानंतर माझं बोलणं बंद झालं. डंकर्कच्या बंदरावर वारा इतका, की उभं राहवत नव्हतं. पॉल कामावरून घरी येतो, बूट काढतो, मुलीच्या ताटातला एक बटाटा उचलून खातो आणि काही न बोलता बसतो, एवढाच तो प्रसंग. हेम बसला. त्याचा वरचा ओठ जरासा दबला आणि पुन्हा सुटला. कॅमेऱ्यामागची एक मुलगी डोळे पुसायला लागली. मी इतकी वर्षं त्याची चेष्टा करत आले होते. तो चांगला नट आहे, हे मला तिथे त्या थंडीत पहिल्यांदा कळलं, आणि मला फार अभिमान वाटला, आणि थोडी भीतीही वाटली.

समुद्रावरचा मोठा प्रसंग सगळ्यात शेवटी ठेवला होता. ऑक्टोबरच्या शेवटच्या सोमवारी. बायकोचं काम करणारी नटी मंगळवारी दुसऱ्या सिनेमासाठी मोरोक्कोला जाणार होती, त्यामुळे सोमवार म्हणजे सोमवारच. पाऊस आला तर पावसात करायचं, असं एलोदीने सांगून टाकलं होतं. त्या आठवड्यात हेम भांडी घासताना, जिन्यात, आल्बर्ट हाइन सुपरमार्केटमध्ये दुधाच्या रांगेसमोर, सगळीकडे पॉलचं बोलणं पुटपुटत होता. ‘मी तुला कधीच काही सांगितलं नाही, कारण तू विचारशील याची मी वाट बघत होतो.’ असं काहीतरी होतं त्यात. मला फ्रेंच येत नाही, तरी त्याच्या तोंडून ऐकून ऐकून ते मलाही पाठ झालं.

आदला दिवस रविवार होता. संध्याकाळी त्याला डंकर्कला निघायचं होतं आणि बॅग भरून पॅसेजमध्ये ठेवलेली होती. सकाळी उठून त्याने स्वतःहून पोहे करायला घेतले, कारण त्याचे हात रिकामे राहिले की त्याला ते कुठे ठेवावेत सुचत नाही. मी टेबलाशी कांदा चिरून देत होते. तो परतता परतता पॉलचं बोलत होता. अकरा वाजले होते. आबांचा कॉल यायला अजून तास होता, असं आम्ही दोघंही धरून चाललो होतो.

इथे दर वर्षी ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी घड्याळं तासभर मागे जातात. आमची जातात, कराडची जात नाहीत. उन्हाळाभर आबांचे साडेतीन म्हणजे आमचे बारा, आणि त्या रविवारपासून आमचे अकरा. फोन आपणहून वेळ बदलतात, म्हणून पहाटे काय झालं ते कुणाच्या लक्षातही येत नाही. ऑफिसात हाच माणूस सॉफ्टवेअरमध्ये नेमकी हीच चूक शोधून काढतो आणि दर ऑक्टोबरात सहकाऱ्यांना ईमेल पाठवून सावध करतो. यंदाही पाठवला होता. डबी बाथरूममध्ये होती आणि हा मिशीशिवाय पोहे परतत होता.

त्याचा फोन बाहेर दिवाणावर वाजला. श्रुतीने उचलला. “हाय आजोबा!” असं म्हणत ती फोन समोर धरून तशीच किचनमध्ये आली. “पपा, आजोबा आहेत,” ती म्हणाली आणि फोन त्याच्याकडे वळवला. तिने मुद्दाम केलं का? मी तिला नंतर कधी विचारलं नाही. मला वाटतं, ती फक्त पंधरा वर्षांची होती आणि तिच्या आजोबांचा फोन आला होता.

हेमने मान वर केली. आबा हसत होते. मग त्यांचं हसणं हळूहळू ओसरलं. त्यांनी चष्मा लावला आणि पुढे वाकले, तेव्हा पडद्यावर नुसतं कपाळ आणि डोळे उरले.

“कोण हाय ते?”

“मी आबा. हेम.”

आबा बघत राहिले. मग आवाज अगदी खाली आणून, लहान मुलाने विचारावं तसं त्यांनी विचारलं, “मी गेलो व्हय रं?”

मला क्षणभर कळलंच नाही. हेमला लगेच कळलं. त्याच्या हातातला झारा कढईवर वाजला.

“नाही आबा! काहीतरीच काय! हे काय, तुम्ही माझ्यासमोर बसलाय की. शोभाताई आहे ना तिथं?”

“मग मिशी?”

हेमने माझ्याकडे बघितलं. मी म्हटलं, “सांग. खरं ते सांग.” 

“सिनेमासाठी काढली आबा,” तो म्हणाला. “मीच काढली. सप्टेंबरातच काढली. तुम्हाला विचारायला पाहिजे होतं.”

आबा खरंच हसले. खोकला येईपर्यंत हसले. “सिनेमासाठी!” ते म्हणाले. “माझ्याम्होरं नाटक नको करूस हेमा. मी असताना तू मिशीला हात लावशील? साऱ्या कराडनं येऊन सांगितलं असतं, तरी मी मानलं नसतं. आपला पोरगा आपल्याला ठावा असतो.”

मागून शोभाताईंचा आवाज आला. “आबा, अहो असं काय बोलता? आत्ता चहा घेतलात ना तुम्ही?”

“तू गप गं. तुला सोसंना झालंय, म्हणून बोलतीयास.” मग पुन्हा मुलाकडे बघून, “गेलो ना मी? नीट सांग. मी घाबरत नाही.”

खरं एकदा सांगून झालं होतं. आता पुन्हा सांगायचं, तर भांडून सांगावं लागलं असतं, की आबा, तुम्ही आहात आणि तुमचा मुलगा तुम्हाला वाटतो तसा नाही. आबांना मरण पटत होतं आणि हे पटत नव्हतं. हेमचा ओठ थरथरताना मला स्पष्ट दिसत होता. तो लपवायला आता काहीच नव्हतं.

“हो आबा,” तो म्हणाला.

मला त्याचा भयंकर संताप आला. स्वतःची लाज झाकायला याने बापाला जिवंतपणी मारलं, असंच मला वाटलं. मी सुरी टेबलावर आपटली. आणि मग आबांचा चेहरा बघितला. तो इतका निवांत झाला होता, की तो राग घेऊन मी तशीच उभी राहिले.

“तरास झाला का रं मला?”

“नाही आबा. झोपेतच.”

“बरं झालं. कोण कोण आलेलं?”

“डेपोतली सगळी मंडळी आली होती,” हेम म्हणाला. त्याने स्टूल ओढलं आणि बसला. “जुने ड्रायव्हर आले होते. उंब्रजचे काका आले. पाटणचे मामा...”

“मामा तर माझ्याआधी गेला.”

“त्यांची पोरं आली होती आबा. दोघंही. थोरल्यानं खांदा दिला.”

“गुणाचा हाय थोरला. पाऊस न्हवता ना घाटावर?”

“नव्हता. ऊन पडलं होतं. नदीला पाणी बेताचं होतं.”

तो बोलत राहिला. आयुष्यभर याला एक वाक्य मिळत आलं होतं, फार तर दोन. इथे कुणी थांबवत नव्हतं. घाटावर कोण कुठे उभं होतं, कुणी काय म्हटलं, वर्कशॉपच्या पोरांनी एक एसटी आणून घाटाच्या वर कशी उभी केली आणि सगळ्यांनी मिळून हॉर्न कसा वाजवला, हे सगळं तो सांगत होता. आबा मान डोलवत होते. हॉर्नचं ऐकून त्यांचे डोळे भरले. “हॉर्न वाजवला व्हय?” ते म्हणाले. “चांगलं केलं पोरांनी.” कढईत पोहे खाली लागले होते आणि वास सुटला होता. श्रुतीने फोन दोन्ही हातांनी घट्ट धरला होता. तिच्या गालांवरून पाणी वाहत होतं आणि ते पुसायला तिच्याकडे मोकळा हात नव्हता.

“आता कर तुला काय करायचं ते,” आबा म्हणाले. “सिनेमा कर, काय वाट्टेल ते कर. मोकळा झालास. मी मागं नाही आता.” मग काहीतरी आठवल्यासारखे ते थांबले. “आणि तू रं? तू पोचलास ना वेळेवर? का शोभीनंच केलं समदं?”

हा प्रश्न इथे राहणाऱ्या आम्हा सगळ्यांना माहीत आहे. गणपतीत भेटतो, दिवाळीत भेटतो, घरांच्या किमतींवर आणि मुलांच्या शाळांवर तासन्‌तास बोलतो, पण हा प्रश्न एकमेकांना विचारत नाही. अवेळी फोन वाजला की प्रत्येकाच्या छातीत तो आधी वाजतो. हेमकडे घाटाची, गर्दीची, हॉर्नची सगळी उत्तरं तयार होती. याचं नव्हतं. त्याने पॅसेजमधल्या भरलेल्या बॅगेकडे बघितलं.

“बोल की रं,” आबा म्हणाले.

हेम उठला. त्याने गॅस बंद केला. “निघालोय आबा,” तो म्हणाला. “हा आत्ता निघालोय.”

“ये सावकाश,” आबा म्हणाले. “आता कसली घाई.”

हेम तोवर दारात खाली बसून बुटांच्या नाड्या बांधत होता, आणि मला डंकर्कची नव्हे, शिफोल विमानतळाची गाडी बघायला सांगत होता.